लॉरिमरची अकरा पानं

सोमवार, ४ फेब्रुवारी १९७४. सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी हेक्टर लॉरिमरचं पान माझ्या टेबलावर आलं, आणि त्यावर सही नव्हती.

सहीला परवानगी नव्हतीच. स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावरच्या एका बंदराच्या शहरात मुलांची चित्र-साप्ताहिकं काढणारी आमची कंपनी होती, आणि ती चित्रकाराचं नाव कधीही छापत नसे. नाव छापलं की चित्रकार भाव खातो, मग दुसरी कंपनी त्याला पळवते, असं आमचे संपादक फोर्ब्स सांगत. आणि मुलांना नाव कशाला हवं? मुलांना पोलीस हवा आणि बकरी हवी. पोलीस म्हणजे सार्जंट स्प्राउट. 'क्लॅटर' या आमच्या साप्ताहिकाचं शेवटचं पान त्याचं असे. जाडा सार्जंट, त्याची करकरणारी सायकल आणि दर आठवड्याला त्याची टोपी खाणारी बकरी. एकोणीस वर्षं हे पान लॉरिमर काढत होता. वाचणाऱ्या मुलांपैकी एकालाही त्याचं नाव माहीत नव्हतं.

मी तिथे अक्षरं लिहायचे. चित्रातल्या माणसांच्या तोंडातून निघणाऱ्या फुग्यांमध्ये त्यांचं बोलणं निबनं लिहायचं, हे माझं काम. मुंबईत उपयोजित कला शिकले होते. माझे यजमान अच्युत टिपणीस स्कॉटलंडमधल्या त्या शहराच्या इस्पितळात रजिस्ट्रार, म्हणजे मधल्या पायरीचे डॉक्टर, म्हणून आले, आणि मी त्यांच्या मागून. माझं अक्षर पाहून फोर्ब्सनी नोकरी दिली. आडनाव त्यांना पेललं नाही, म्हणून मी 'मिसेस टिप' झाले.

अक्षरांखेरीज माझ्याकडे आणखी एक काम होतं, जे कुठल्याही कागदावर लिहिलेलं नव्हतं. लॉरिमर दर पानात कुठेतरी 'एचएल' ही दोन अक्षरं लपवायचा. कधी सायकलच्या आऱ्यांमध्ये, कधी खाटकाच्या दुकानात टांगलेल्या सॉसेजच्या वळणात, कधी बकरीच्या शिंगावर. ती शोधायची आणि बारीक ब्रशनं पांढरा रंग लावून पुसायची. तीन वर्षांत मी एकही सही सुटू दिली नव्हती. एकदा मला चाळीस मिनिटं लागली. पुढच्या पानाच्या पाठीमागे पेन्सिलीनं लिहिलेलं आलं, 'मागच्या वेळी घाम फुटला ना?' आम्ही प्रत्यक्ष दोनदाच भेटलो होतो. पण दर सोमवारी तो माणूस मला भेटायचा.

त्या सोमवारी मी भिंग घेऊन पान चौकटी-चौकटीनं तपासलं. बारा चौकटी. सव्वा तास. सही नव्हती. म्हणून बाकीचं पाहू लागले, आणि मग मला रेघा दिसल्या.

सावली दाखवायला चित्रकार बारीक तिरक्या रेघा ओढतात. उजव्या हातानं ओढलेल्या रेघांचा माथा उजवीकडे झुकतो, डावखुऱ्याच्या रेघांचा डावीकडे. हाताच्या सांध्याचाच तो धर्म आहे, लपवू म्हटलं तरी घाईत लपत नाही. लॉरिमर डावखुरा होता. त्या पानावरच्या सगळ्या रेघा उजवीकडे झुकत होत्या.

सार्जंट तोच, बकरी तीच, टोपी खाण्याची पद्धतही तीच. फक्त काढणारा हात दुसऱ्याचा होता.

मी काय करायला हवं होतं हे मला ठाऊक होतं. पान उचलून फोर्ब्सच्या खोलीत न्यायचं. पण आदल्या वर्षी पर्सी डन नावाच्या चित्रकाराचं मनगट मोडलं होतं, आणि त्यानं तीन आठवडे भावाकडून पानं काढून घेतली होती. फोर्ब्सनी ते ओळखलं. पुढच्या सोमवारी डनचं पान आमच्याच इमारतीत दुसऱ्या मजल्यावर बसणाऱ्या माणसाकडे गेलं. दुसऱ्याच्या हातासारखा हात वळवणारी दोन माणसं कंपनीनं पगारावर ठेवली होती. डनचं मनगट मार्चमध्ये बरं झालं. पान परत आलं नाही. "पान कंपनीचं असतं, मिसेस टिप," फोर्ब्स शांतपणे म्हणाले होते. "हात काय, मिळतात."

साडेअकराला फोर्ब्स फेरी मारत. मी पांढऱ्या रंगाची बाटली उघडली. सगळ्यात ठळक दिसणाऱ्या सावल्या पुसल्या, रंग वाळू दिला, आणि पान आडवं फिरवून, कोपर उचलून, त्या सावल्या पुन्हा ओढल्या, माथा डावीकडे. आमच्याकडे पानं अशी दुरुस्त होतच असत. पांढऱ्या ठिगळांचं कुणाला नवल नव्हतं.

फोर्ब्स वेळेवर आले. बकरीनं आज काय खाल्लं, असं त्यांनी विचारलं. टोपी, मी म्हटलं. "पुन्हा?" ते म्हणाले. "तिला आता अपचन व्हायला हवं." आणि कोपऱ्यात मंजुरीची खूण करून पुढे गेले.

जेवणाच्या सुट्टीत मी रस्त्यावरच्या फोनवरून लॉरिमरच्या घरी फोन केला. त्याची बायको इसोबेल बोलली. हेक्टरला फ्लू झालाय, अंथरुणात बसून काम करतो, ती म्हणाली. पान मिळालं ना, असं तिनं दोनदा विचारलं. ठीक होतं ना, असं तीनदा.

११ तारखेचं पानही तसंच. सही नाही, रेघा उजव्या. मी पुन्हा पुसलं, पुन्हा ओढलं. या वेळी हात लवकर चालला, आणि त्याचंच मला भय वाटलं.

घरी मी अच्युतना सांगितलं. त्यांनी आधी चेष्टा केली. सार्जंट स्प्राउटला मदतनीस हवाच होता, आता बकरीला सुट्टी देतील, वगैरे. मग मी हसत नाही असं पाहून म्हणाले, "दोन आठवडे फ्लू? वय किती त्याचं?"

"छप्पन्न."

"मग शनिवारी जाऊ. मी नुसतं पाहीन. तुझ्या साहेबाला कळायचं कारण नाही."

१६ फेब्रुवारीला दुपारी एकला आम्ही निघालो. बावीस मैल. कोळसा-कामगारांच्या संपाचे दिवस होते, वीज मोजून मिळत होती, निवडणूक लागली होती. आमच्या जुन्या मॉरिसचा हीटर बंद होता; मी मांडीवर पुऱ्यांचा डबा धरला होता, खाण्यापेक्षा उबेसाठी. लॉरिमरचं गाव मासेमारीचं. उतारावर दगडी घरांची एक ओळ, आणि ओळीतलं शेवटचं घर त्याचं. खाली धक्का, पलीकडे समुद्र.

दार इसोबेलनं उघडलं. बुटकी, पन्नाशीची बाई. अंगात पुरुषाचा राखाडी स्वेटर, बाह्या दुमडलेल्या. मला तिनं लगेच ओळखलं. हेक्टर तुमच्याबद्दल बोलतो, म्हणाली. पण आम्हाला आत घ्यायला तिनं वेळ लावला. स्वयंपाकघरात चूल पेटलेली होती आणि खिडकीशी टेबलावर पान अर्धं झालेलं होतं. ते झाकायला ती दोन पावलं पुढे गेली, मग थांबली. तिच्या उजव्या हाताच्या तर्जनीवर आणि मधल्या बोटावर शाई होती. मी तिकडे पाहिलं हे तिनं पाहिलं.

"तुम्हाला कळलंच असणार," ती म्हणाली. "तुम्ही सही शोधता ना, म्हणजे तुम्हालाच आधी कळणार. रोज वाट पाहत होते, कोण येईल म्हणून."

मग तिनं सांगितलं ते थोडक्यात असं. नाताळपासून हेक्टरचा हात थरथरत होता. जानेवारीच्या शेवटी त्याला निब धरताच येईना. तो कुणाला भेटत नाही, डॉक्टर नको म्हणतो, वर पडून असतो. दोघं एकाच कलाशाळेत शिकली होती. लग्नानंतर तिनं बावीस वर्षं त्याच्या पानांतला काळा रंग भरला. आता सगळंच काढत होती.

"काळं भरणारीला कुणी मोजत नाही," ती म्हणाली. "पण मोजलं असतं तर निम्मं पान माझंच निघालं असतं."

अच्युतनी सौम्यपणे सांगितलं की ते डॉक्टर आहेत आणि पाचच मिनिटं वर जाऊन येतील. ती जिन्याच्या पायथ्याशी जाऊन उभी राहिली. अंगावर येऊन नव्हे, नुसती उभी राहिली. आज नको, म्हणाली. आज त्याला बरं नाही. मग तिनं चुलीवरच्या भांड्यातून सूप वाडग्यात ओतलं, ट्रे घेऊन वर गेली. आम्ही खाली बसलो. वरून तिचा आवाज येत होता, हळू, समजावणीचा. थोड्या वेळानं ती रिकामा वाडगा घेऊन खाली आली. वाडगा तिनं लगेच पाण्यात टाकला, आणि पुन्हा टेबलाशी येताना तिनं दार ओढून घेतलं. त्याच वेळी मला डोक्यावर, लाकडी तक्तपोशीवर, दोन पावलं ऐकू आली.

निघताना तिनं माझा हात धरला. तिचे हात बर्फासारखे होते, चूल पेटलेली असून.

"ईस्टरपर्यंत," ती म्हणाली. "तोवर तो सावरेल. पान एकदा गेलं की परत मिळत नाही, हे तुम्हाला माहीत आहे. त्याच्याकडे दुसरं काही नाही. ईस्टरपर्यंत कुणाला सांगू नका."

मी शब्द दिला.

परतताना गाव मागे पडल्यावर अच्युत म्हणाले, "वर कोणी नव्हतं, मालन."

"अहो, मी पावलं ऐकली."

"तिची."

"ती खाली होती. आपल्यासमोर."

"मी नाही ऐकली. आणि ते सूप उकळत होतं, वाफ पाहिलीस ना? ती वर होती साडेतीन मिनिटं. मी घड्याळ पाहत होतो. एवढं गरम सूप साडेतीन मिनिटांत कोण पितं? तोंडाची सालं निघतील."

"तिनं खिडकीतून ओतलं असेल. त्यानं नको म्हटलं असेल, आणि तिला आपल्यापुढे लाज वाटली असेल."

"असेल," ते म्हणाले. "मग पोलिसांत जाऊन विचारू या का?"

मी नको म्हटलं. एका बाईनं विश्वासानं सांगितलं, आणि आपण त्याच दिवशी तिच्या दारात पोलीस पाठवायचे? त्यांनी खांदे उडवले. मे महिन्यात त्यांचा इस्पितळाचा करार नव्यानं व्हायचा होता. परक्या देशात पोलीस स्टेशनची पायरी आपणहून चढायची हौस त्यांनाही नव्हती. डब्यातल्या पुऱ्या तशाच घरी आल्या.

त्यानंतर सोमवार हा माझ्यासाठी वेगळाच वार झाला. नऊ वाजता टपालाची गाडी यायची, नऊ-दहाला पाकीट. मी आधी सही शोधायचे. नसायची. मग रेघा पाहायचे. उजव्या. मग बाटली उघडायचे. पहिल्या पानाला मला पन्नास मिनिटं लागली होती. मार्चच्या मध्याला वीस पुरू लागली. आणि पानं चांगली होत होती. बकरीच्या डोळ्यांत एक नवा बेरकीपणा आला होता. १८ मार्चच्या पानात ती टोपी तोंडात धरून, खाण्याआधी, वाचकाकडे सरळ पाहते. ते पाहून फोर्ब्स माझ्या टेबलाशी उभे राहून मोठ्यानं हसले.

"लॉरिमर पुन्हा तरुण झाला की काय?" ते म्हणाले. "फ्लू सगळ्यांनाच व्हायला हवा."

मला हसता आलं नाही. फ्लूबद्दल मी त्यांना काहीच सांगितलं नव्हतं. नंतर कळलं की इसोबेलनं कार्यालयात स्वतःच चिठ्ठी पाठवली होती. पण ते कळेपर्यंतची चार मिनिटं मला अजून आठवतात.

महिन्याभरात मी तीनदा फोन केला. दर वेळी तीच बोलली. झोपलाय. अंघोळ करतोय. आता बरा आहे, पण बोलायला नको म्हणतो. तिसऱ्या वेळी मी म्हटलं, नुसतं 'हॅलो' म्हणू दे. पलीकडे रिसीव्हर ठेवल्याचा लाकडी आवाज झाला. मी दोन मिनिटं ऐकत राहिले. चिमणीतला वारा ऐकू येत होता. मग तीच परत आली. नाही म्हणतो, म्हणाली.

१४ एप्रिलला ईस्टर होता. १५ तारखेच्या पानावरही रेघा उजव्या होत्या. शब्दाची मुदत संपली होती. मी ते पानही दुरुस्त केलं, अकरावं. मग फोर्ब्सना द्यायची चिठ्ठी लिहिली, खणात ठेवली, आणि तिच्याऐवजी इसोबेलला एक लहानसं पत्र टाकलं. ईस्टर झाला. मला आता गप्प राहता येणार नाही. पुढच्या सोमवारी हेक्टरच्या हातचं पान दिसलं नाही तर मला संपादकांना सांगावं लागेल. असं त्यात होतं.

२२ एप्रिल, सोमवार. नऊ-दहा. पाकीट.

आठव्या चौकटीत, सार्जंटच्या सायकलच्या साखळीत, 'एचएल' होतं.

मी भिंग खाली ठेवलं आणि पुन्हा उचललं. रेघा पाहिल्या. सगळ्या डावीकडे. बाराही चौकटींमध्ये. माझ्या शेजारी बसणारी मुलगी काय झालं म्हणून विचारू लागली, कारण मी रडत होते. काही नाही, डोळ्यात रंग गेला, मी म्हटलं. ब्रश घेतला, बुडवला, आणि ती दोन अक्षरं पुसून टाकली. नियमच होता. त्यात मला एक मिनिटही लागलं नसेल. खणातली चिठ्ठी फाडली. घरी गेल्यावर गोडाचा शिरा केला. अच्युतनी कारण विचारलं. लॉरिमर बरा झाला, मी म्हटलं. त्यांनी शिरा खाल्ला.

गुरुवारी, २५ एप्रिलला, अकरा वाजून वीस मिनिटांनी मला फोर्ब्सच्या खोलीत बोलावणं आलं. आत पोलीस अधिकारी होता. मॅक्रे नावाचा, उंच, थकलेल्या डोळ्यांचा, आवाज अगदी मऊ. हेक्टर लॉरिमर बेपत्ता होता. शुक्रवारी, १९ तारखेला, सकाळी सहाच्या सुमारास पान पुरं करून तो धक्क्याकडे फिरायला गेला आणि परतला नाही, असं त्याच्या बायकोनं कळवलं होतं. कळवलं होतं मंगळवारी. चार दिवस का थांबलात, तर म्हणाली, तो असा जायचा कधीकधी.

मला बसायला सांगितलं. मॅक्रेच्या मांडीवर एक पातळ फाइल होती. माझं पत्र त्या फाइलमध्ये असेल, आता तो ते बाहेर काढेल, असं मला वाटत होतं. त्यानं फाइल उघडली. आत दोनच कागद होते. माझं पत्र नव्हतं.

"शेजारी म्हणतात, जानेवारीनंतर त्यांनी त्याला पाहिलं नाही," मॅक्रे म्हणाला. "पण अशा थंडीत कोण कुणाला पाहतं? बाई म्हणते तो हिवाळाभर घरातच होता, आजारी, पण दर आठवड्याला स्वतः पान काढत होता. तसं असेल तर तो गेल्या शुक्रवारपर्यंत जिवंत होता, आणि आम्ही समुद्रात शोधतोय ते बरोबर आहे. म्हणून विचारायला आलो. ती पानं त्याच्याच हातची आहेत का?"

"अर्थात," फोर्ब्स म्हणाले. "मी एकोणीस वर्षं पाहतोय."

"तुम्ही सांगता ते आहेच," मॅक्रे म्हणाला. "पण भिंगातून या बाई पाहतात, असं मला बाहेर कळलं."

दोघं माझ्याकडे पाहू लागले. खिडकीतून खाली अंगणात कागदाची रिळं उतरवत होते, त्यांचा आवाज येत होता. इसोबेलनं मला एक सांगितलं होतं आणि याला दुसरं. पानं मीच काढते असं ती मला तोंडानं म्हणाली होती. हे सांगायचं तर त्या अकरा पानांवरचा पांढरा रंगही सांगायचा होता. फोर्ब्स माझ्यापासून तीन फुटांवर बसले होते. आणि माझ्या मनात शेवटचं पान होतं, त्यावरच्या रेघा आणि सायकलची साखळी. तो होता. शुक्रवारपर्यंत होता. मग मधल्या पानांनी काय फरक पडतो?

"त्याचीच आहेत," मी म्हटलं.

"सगळी?"

"सगळी."

"फेब्रुवारीपासूनची?"

"हो."

त्यानं ते लिहून घेतलं, मला वाचून दाखवलं, आणि पेन पुढे केलं. मी खाली पूर्ण नाव लिहिलं. अकरा पन्नास झाले होते. मी बाहेर पडत असतानाच फोर्ब्सनी दुसऱ्या मजल्यावरच्या माणसाला बोलावून घेतलं. पुढचं पान कुणी काढायचं हे ठरवायला.

संध्याकाळी सात वाजता अच्युत आले. मी सगळं सांगितलं, क्रमानं. त्यांनी कोट काढला नव्हता.

"म्हणजे ती पोलिसांशी खोटं बोलली, आणि तू तिला साक्ष दिलीस."

"अहो, पण शेवटचं पान त्याचंच होतं. सही होती. रेघा डाव्या होत्या. तिचा हात उजवा आहे, तुम्ही पाहिलात."

"रेघांचं तिला माहीत होतं?"

मी उठून खिडकीचा पडदा ओढला.

"मालन, त्या पत्रात तू काय लिहिलं होतंस? नीट आठवून सांग."

आठवायची गरज नव्हती. मला ते पाठ होतं, आजही आहे. ईस्टर झाला, मला गप्प राहता येणार नाही, याच्या पुढे मी आणखी दोन वाक्यं लिहिली होती. मी उगाच संशय घेत नाही हे तिला कळावं म्हणून. 'पानांवर हेक्टरची सही कधीच नसते. आणि त्याच्या रेघा डावीकडे झुकतात, या उजवीकडे झुकतात. मी त्या दर आठवड्याला पुसून सरळ करत आले आहे.'

मी ते त्यांना शब्दशः सांगितलं. ते खुर्चीवर बसले.

"पान आडवं धरून तू ओढायचीस ना रेघा?" त्यांनी विचारलं. "उजव्याच हातानं?"

"हो."

"कठीण असतं?"

"नाही," मी म्हटलं. "तिसऱ्या पानापासून नाही."

आमच्यात त्या विषयावर झालेलं ते शेवटचं बोलणं. उद्या सकाळी जाऊन सांग, असं ते म्हणतील म्हणून मी वाट पाहिली. ते म्हणाले नाहीत. मे महिन्यात त्यांचा करार झाला.

तटरक्षकांनी नऊ दिवस समुद्र शोधला. घराची झडती कुणी घेतली नाही. घ्यायला कारण नव्हतं. माझ्या जबाबानुसार घरात हिवाळाभर एक जिवंत माणूस पानं काढत बसला होता. जूनमध्ये चाळीस मैलांवर एक प्रेत लागलं, ते दुसऱ्याचं निघालं. सार्जंट स्प्राउट आणखी अकरा वर्षं चालला. हात बदलल्याचं एकाही मुलानं पत्रानं कळवलं नाही. सप्टेंबरमध्ये इसोबेल घर विकून कॅनडात बहिणीकडे गेली. जाण्याआधी ती कार्यालयात आली होती, असं फोर्ब्स म्हणाले. मी त्या दिवशी रजेवर होते. माझ्यासाठी काही निरोप आहे का, मी विचारलं. "आभार मानायला सांगितलंय," फोर्ब्स म्हणाले. "कशाबद्दल, ते तुम्हाला माहीत असेल."

शेवटचं पान मला नंतर पाहायला मिळालं नाही. वापरून झालेली पानं कंपनी तळघरात टाकत असे. १९७६ मध्ये तळघरात पाणी शिरलं. त्या पानातली रेघ एकदा पुन्हा पाहिली असती तर ती कुणाच्या हातची हे मी सांगू शकले असते, असं मला अनेक वर्षं वाटत आलं. वर वाजलेली दोन पावलंही मी अनेकदा ऐकून पाहिली आहेत. ती होती. पण माझ्याखेरीज कुणी ऐकली नाहीत, आणि अच्युत आता नाहीत.

आम्ही १९७७ मध्ये परत आलो. नाशिकला मी पाठ्यपुस्तकांसाठी अक्षरं आणि चित्रं केली, एका दैनिकाच्या रविवारच्या पुरवणीची मांडणी अठरा वर्षं केली. अच्युत २००९ मध्ये गेले.

यंदा ऑक्टोबरमध्ये मुलीच्या पत्त्यावर एक पत्र आलं. स्कॉटलंडच्या पोलिसांचं, जुन्या प्रकरणांच्या विभागाकडून, कुणा बाईच्या सहीचं. धक्क्याजवळच्या त्या घराचं नूतनीकरण चालू असताना काही मिळालं आहे. काय आणि कुठे, ते पत्रात नाही. इसोबेल लॉरिमर हयात आहेत, वय पंच्याण्णव, त्यांच्याशी बोलणं आता शक्य होत नाही. अधिकारी मॅक्रे आणि संपादक फोर्ब्स वारले आहेत. त्या हिवाळ्याबद्दल कागदावर जे काही आहे त्यात आज बोलू शकेल अशा एकाच माणसाचा जबाब आहे, माझा. सोबत त्याची प्रत जोडली आहे. तो कायम आहे की त्यात बदल करायचा आहे, एवढं कळवावं, अशी विनंती आहे.

पत्रावरची तारीख नऊ ऑक्टोबर. उत्तर एकतीसपर्यंत मागितलं आहे. आज एकोणतीस.